आधी हार्ड डिस्क सांभाळा: मुंबईत एडिटिंग आणि व्हीएफएक्समध्ये शिरताना

मी एडिटर आहे, म्हणून बारावीचा निकाल लागला की माझा फोन वाजायला लागतो. डोंबिवलीची मावशी, गिरगावातल्या जुन्या शेजाऱ्यांचा पुतण्या, बायकोच्या ऑफिसातल्या कुणाची तरी मुलगी. प्रश्न ठरलेला: "एडिटिंग-व्हीएफएक्सचा कोर्स करायचाय, कुठला चांगला?" मी उलट विचारतो, दोन्हीतलं नेमकं काय करायचंय? पलीकडे शांतता. एडिटिंग म्हणजे शूट झालेलं कापून जोडणं, व्हीएफएक्स म्हणजे त्या चित्रात नंतर संगणकावर काही घालणं किंवा पुसणं.

"एडिटिंग-व्हीएफएक्स" हा जोडशब्द क्लासवाल्यांच्या पाट्यांनी तयार केला आहे. अंधेरीत एकाच इमारतीत वरच्या मजल्यावर एडिट आणि खालच्या मजल्यावर व्हीएफएक्स चालत असेल, पण माणसं वेगळी, दिवस वेगळा आणि पैसे मिळण्याची रीतही वेगळी. म्हणून कोर्सचा विषय मी मागे ठेवतो.

पायरी १: दोन शनिवार-रविवार स्वतःची परीक्षा

एडिटरचं काम निवडीचं. चाळीस मिनिटांच्या रशेसमधून, म्हणजे शूट झालेल्या कच्च्या फूटेजमधून, दोन मिनिटांचा सीन काढायचा. कुठलं वाक्य बोलणाऱ्याच्या तोंडावर ऐकवायचं आणि कुठलं ऐकणाऱ्याच्या, हे ठरवायचं. हे करताना दिग्दर्शक मागच्या सोफ्यावर बसलेला असतो, कधी निर्माताही. त्यांच्याशी वाद घालता आला पाहिजे आणि वेळेवर गप्पही बसता आलं पाहिजे. व्हीएफएक्सवाला एका शॉटला चिकटतो. ४ सेकंदांचा शॉट म्हणजे २४ च्या हिशेबाने ९६ फ्रेम्स, आणि त्या ९६ फ्रेम्सवर त्याचा आठवडा जाऊ शकतो. त्याला सिनेमाची गोष्ट माहीत असेलच असं नाही.

पहिल्या शनिवार-रविवारी आईला आणि घरातल्या आणखी एकाला चहा पिताना बोलायला बसवा. तेच तीन मिनिटांचं बोलणं फोनवर तीनदा शूट करा: एकदा दोघं एकत्र, मग एकेकटे. आता त्याचे दोन कट करा. एका कटमध्ये आई खरं बोलते आहे असं वाटलं पाहिजे, दुसऱ्यात ती काहीतरी लपवते आहे असं. शब्द तेच ठेवायचे. बदलायचं ते फक्त कुठे कापायचं आणि कुणाचा चेहरा किती वेळ धरायचा, एवढंच.

पुढच्या शनिवार-रविवारी गॅलरीतून समोरच्या इमारतीचा पाच सेकंदांचा हातात धरलेला, हलता शॉट घ्या. त्यातली एक डिश अँटेना पुसून टाका. फ्रेम थांबवून पाहिलं तरी कुणाला कळता कामा नये.

दोन्ही झालं की मित्राला दाखवा. त्याने दहा चुका काढल्या, तर त्यातला कुठला प्रयोग पुन्हा पहिल्यापासून करायची तुमची तयारी आहे? तो तुमचा धंदा. दोन्ही कामांत नव्याने करण्यापेक्षा पुन्हा करणंच जास्त असतं.

पायरी २: मशीन आणि सॉफ्टवेअर

इथे फार वेळ घालवू नका. ३२ जीबी रॅम, सॉफ्टवेअरसाठी एक आणि फूटेजसाठी दुसरी एसएसडी, ८ जीबी मेमरीचं ग्राफिक्स कार्ड असलेला असेंबल केलेला डेस्कटॉप शिकायला पुरतो. ग्रँट रोड स्टेशनजवळ लॅमिंग्टन रोडला तीन-चार दुकानांत लिखित कोटेशन घ्या. बिल आणि वॉरंटी कार्ड घेतल्याशिवाय पैसे देऊ नका. लॅपटॉप घ्यावा का? रोज कल्याणहून अंधेरीला जायचं असेल तर मोह होतो, पण त्याच पैशांत डेस्कटॉप जास्त दणकट येतो, आणि कामावर मशीन बहुतेक वेळा त्यांचंच असतं.

सॉफ्टवेअर चोरून वापरायची आता गरज नाही. दाविंची रिझॉल्व्हची मोफत आवृत्ती ३८४० गुणिले २१६० पर्यंत आउटपुट देते, आणि तिच्यात एडिट, कलर, साउंडबरोबर फ्यूजन हे कंपोझिटिंगचं, म्हणजे वेगवेगळी चित्रं एका शॉटमध्ये बसवण्याचं, पानही आहे. कंपोझिटिंगसाठीच्या न्यूकची नॉन-कमर्शियल आवृत्ती फुकट आहे, फक्त आउटपुट १९२० गुणिले १०८० पर्यंतच मिळतं. इफेक्ट्ससाठीचं हूडिनी अप्रेंटिस फुकट आहे, चित्रावर वॉटरमार्क येतो. थ्रीडीचं ब्लेंडर तर पूर्णच मोफत. सिनेमांच्या एडिट रूममध्ये अविड आणि प्रीमियर भेटतील. एक नीट आलं की दुसरं पंधरा दिवसांत हाताखाली येतं.

फोनवर शूट करणाऱ्यांसाठी एक सूचना. फोन बऱ्याचदा फ्रेम रेट कमी-जास्त करत शूट करतो, मग लांब क्लिपमध्ये आवाज आणि ओठ हळूहळू सुटे पडतात. फ्रेम रेट पक्का ठेवणारं कॅमेरा अॅप वापरा, किंवा एडिटला बसण्याआधी फाइल पक्क्या रेटमध्ये बदलून घ्या.

पायरी ३: असिस्टंटचं काम, म्हणजे खरा कोर्स

एडिटिंगमध्ये शिरण्याचा दरवाजा असिस्टंटचा आहे, आणि असिस्टंट सुरुवातीला कापत नाही. तो सांभाळतो. ही परंपरा जुनी आहे. ३ मे १९१३ ला गिरगावच्या कोरोनेशन थिएटरमध्ये दादासाहेब फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' लागला, त्याच्याआधी घरात सरस्वतीबाई फाळके कच्च्या फिल्मला भोकं पाडत होत्या आणि रसायनं मिसळत होत्या. पडद्यावर न दिसणारं आणि चुकलं तर सगळंच बुडवणारं काम.

माझा धडा मी नोकरीच्या तिसऱ्या महिन्यात शिकलो. एका मालिकेच्या मढच्या सेटवरून कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड आलं, मी कॉपी करायला लावलं, पट्टी शंभर टक्क्यांवर गेली, कार्ड परत पाठवलं. तिकडे ते फॉरमॅट झालं. रात्री उघडून बघतो तर शेवटच्या दोन क्लिप्स अर्ध्याच आलेल्या. दुसऱ्या दिवशी तो सीन पुन्हा शूट झाला. निर्माता काही बोलला नाही, फक्त माझ्या टेबलाशी येऊन उभा राहिला. त्यानंतर मी कधीही ड्रॅग करून कॉपी केलेली नाही.

तर क्रम असा. कार्ड आलं की चेकसम तपासणाऱ्या सॉफ्टवेअरनेच कॉपी करा. ते मूळ आणि प्रत बाइट-बाइट जुळल्याचा अहवाल देतं, तो अहवाल जपून ठेवा. प्रती तीन, दोन वेगळ्या जातींच्या माध्यमांवर, आणि एक दुसऱ्या जागी. दुसरी जागा म्हणजे त्याच खोलीतलं दुसरं कपाट धरू नका, पावसाळ्यात तळमजल्यावरच्या एडिट रूमचं काय होतं ते अंधेरीकरांना विचारा. प्रत्येक क्लिप सुरुवात, मध्य आणि शेवट अशी उघडून बघा. त्यानंतरच "कार्ड मोकळं" हा मेसेज पाठवायचा, आणि लेखीच पाठवायचा.

मग प्रॉक्सी, म्हणजे कापायला सोपी अशी मूळ फूटेजची हलकी प्रत. २४ फ्रेम्सच्या हिशेबाने ३८४० गुणिले २१६० चं प्रोरेस ४२२ एचक्यू या दर्जाचं फूटेज तासाला सुमारे ३१८ जीबी खातं. १०८० ची प्रोरेस प्रॉक्सी तासाला साधारण १६ जीबी. एडिटर प्रॉक्सीवर कापतो, शेवटी मूळ फूटेज जोडलं जातं. हे जोडणं निर्वेध व्हायला हवं असेल तर क्लिपचं मूळ नाव आणि टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा वेळेचा आकडा) यांना हात लावायचा नाही. "सीन बारा छान टेक" असं कुणाला नाव बदलावंसं वाटलं, तर ते बिनमध्ये (सॉफ्टवेअरमधल्या क्लिप्सच्या फोल्डरमध्ये) वेगळ्या रकान्यात लिहा, फाइलचं नाव बदलू नका.

सिंक करताना, म्हणजे वेगळा रेकॉर्ड केलेला आवाज चित्राशी जुळवताना, क्लॅप बघायचा आणि फ्रेम रेट तपासायचा. कॅमेरा २४ वर आणि कुठेतरी सेटिंग २३.९७६ वर राहिलं, तर तासाभरात ३.६ सेकंदांचा फरक पडतो. पहिल्या दोन मिनिटांत तो दिसत नाही, म्हणून लांब टेकच्या शेवटी जाऊन ओठ बघा. सिनेमा साधारणपणे २४ वर चालतो, आपल्याकडचं टीव्हीचं काम २५ वर. प्रोजेक्ट उघडण्याआधी हे फोनवर विचारून घ्यायला लाजू नका.

यानंतर लाइन-अप (टेक क्रमाने लावणं), रफ कट, फाइन कट आणि लॉक, म्हणजे कट पक्का होणं. लॉक झाल्यावर असिस्टंटची खरी धावपळ सुरू होते. सिनेमा साधारण वीस मिनिटांच्या रीळांत तोडतात. साउंडला एएएफ फाइल जाते, डीआयला, म्हणजे रंगाचं काम करणाऱ्यांना, ईडीएल किंवा एक्सएमएल (या सगळ्या कट कुठे आहे ते सांगणाऱ्या फाइल्स), आणि दोघांनाही टाइमकोड छापलेली संदर्भ प्रत. प्रत्येक रीळाच्या चित्राआधी बरोबर दोन सेकंदांवर एका फ्रेमचा १००० हर्ट्झचा बीप टाकतात, त्याला टू-पॉप म्हणतात. परत आलेला साउंड नीट बसला की नाही ते त्यावरून कळतं. व्हीएफएक्सला शॉट पाठवताना दोन्ही टोकांना ८ ते १२ जादा फ्रेम्स, म्हणजे हँडल्स, द्या. लॉकनंतर दिग्दर्शक कट चार फ्रेम्सनी सरकवणार, हे गृहीत धरूनच.

आणि देवाची शपथ, फाइलला "फायनल" नाव देऊ नका. तारीख आणि आवृत्तीचा आकडा, बस. मी "फायनल फायनल खरंच फायनल" नावाच्या टाइमलाइनवरून चुकीचा एपिसोड जाताना पाहिला आहे.

मराठी मुलामुलींना इथे एक फायदा आहे, तो घ्या. टायटल्स आणि सबटायटल्स. आफ्टर इफेक्ट्स किंवा प्रीमियरमध्ये देवनागरी टाकली आणि जोडाक्षरं फुटली, पहिली वेलांटी अक्षराच्या उजवीकडे गेली, तर प्रेफरन्सेसमधलं टेक्स्ट इंजिन दक्षिण आशियाई भाषांसाठीचं निवडायचं असतं. ते करूनही "दऱ्या" चं "दर्या" झालेलं दिसेल, दरीचा थेट समुद्र. मराठी वळणाचे ल आणि श हिंदी वळणाने येतील. हे ओळखणारं माणूस खोलीत नसेल तर तसंच टेलिकास्ट होतं. माझ्या दुसऱ्या नोकरीसाठी मला बोलावलं ते एडिटिंगसाठी नव्हे, क्रेडिट्समधल्या नावांचे ऱ्हस्व-दीर्घ तपासले म्हणून.

पायरी ४: व्हीएफएक्सचा दरवाजा

इथे खाती असतात: रोटो, पेंट, मॅचमूव्ह (कॅमेऱ्याची हालचाल जुळवणं), मॉडेलिंग, रिगिंग (पात्र हलवण्यासाठी सांगाडा बसवणं), अॅनिमेशन, इफेक्ट्स, लायटिंग, कंपोझिटिंग. मुंबईत बहुतेकांचा प्रवेश रोटो आणि पेंटमधून होतो. रोटो म्हणजे हलत्या माणसाची कडा फ्रेमगणिक आखून त्याला पार्श्वभूमीपासून वेगळं करणं. पेंट म्हणजे वायर, माइक, लाइटचा स्टँड पुसणं.

रोटोतली नवख्याची पहिली चूक ओळखू येते: पूर्ण माणसाभोवती एकच आकार. माणूस चालला की ती कडा उकळते, म्हणजे थरथरत राहते. डोकं, मान, दंड, मनगट, प्रत्येक बोट असे वेगळे आकार करा, हाडाच्या हालचालीप्रमाणे हलवा, आणि की-फ्रेम्स, म्हणजे आकार हाताने बसवलेल्या फ्रेम्स, शक्य तितक्या कमी ठेवा. आधी हालचालीच्या टोकांच्या फ्रेम्स, मग मधल्या.

पण रोटोवर मुक्काम करू नका. या कामाचा मोठा भाग आता मशीन लर्निंगची टूल्स करू लागली आहेत, नंतरची दुरुस्ती माणसाकडे येते. त्यामुळे पहिल्या दिवसापासून कंपोझिटिंगकडे नजर हवी. त्यासाठी चार गोष्टींवर हात बसवा: अल्फा (चित्राची पारदर्शकता) आणि प्रीमल्टिप्लाय (तिने रंगाला गुणणं), लिनियर प्रकाशात, म्हणजे खऱ्या प्रकाशाच्या प्रमाणात, काम करणं, लेन्सचं डिस्टॉर्शन (वाकडेपणा) काढून परत लावणं, आणि ग्रेन (चित्रातले बारीक कण). पहिलीत गोंधळ असेल तर केसांभोवती काळी किंवा पांढरी रेघ राहते, सुपरवायझरला ती दाराच्या चौकटीतूनच दिसते. काळ्या रंगाची पातळी जुळली का हे बघायला गॅमा वर-खाली करून शॉट तपासा. चिकटवलेली गोष्ट लगेच उघडी पडते.

फाइल्स ईएक्सआर सिक्वेन्समध्ये येतात, प्रत्येक फ्रेम वेगळी फाइल. २०४८ गुणिले १०८० ची एक फ्रेम, तीन चॅनल्स, प्रत्येकी २ बाइट्स: कॉम्प्रेशन नसेल तर साधारण १३ एमबी. म्हणजे सेकंदाला तीनशे एमबीहून जास्त. इथेही शेवटी डिस्कच सांभाळायची आहे, फक्त मोठ्या स्टुडिओत ते काम सर्व्हर करतो.

आणि गणिताची भीती नसेल तर पायथन शिका. पाइपलाइन (शॉट एका खात्यातून दुसऱ्या खात्यात जाण्याची व्यवस्था) बघणाऱ्या टेक्निकल डायरेक्टरचं काम जाहिरातींत दिसत नाही, पण तशी माणसं मिळत नाहीत म्हणून स्टुडिओ हैराण असतात.

पायरी ५: कोर्स, आता सांगतो

पदवी हातात असेल तर पुण्याची एफटीआयआय, म्हणजे फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट. १९६० ची संस्था, प्रभात स्टुडिओच्या जागेत, संकलनाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा, प्रवेश परीक्षेतून. रेणू सलुजा तिथूनच आल्या आणि संकलनाचे चार राष्ट्रीय पुरस्कार घेतले. "मुलीला हे क्षेत्र?" म्हणणाऱ्या काकांना मी हे नाव सांगतो. कोलकात्याची सत्यजित राय इन्स्टिट्यूट १९९५ ची. मुंबईतच राहायचं तर गोरेगावच्या फिल्मसिटीत व्हिसलिंग वुड्स आहे, फी आधी नीट बघा. अॅनिमेशन आणि डिझाइनकडे ओढा असेल तर पवईच्या आयआयटीतलं आयडीसी हे डिझाइन स्कूल. अॅनिमेशन-व्हीएफएक्स-गेमिंगसाठी आयआयसीटी ही नवी संस्था २०२५ मध्ये पेडर रोडच्या एनएफडीसी (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळ) संकुलात सुरू झाली.

गल्लोगल्लीच्या खासगी संस्थांबद्दल: "शंभर टक्के प्लेसमेंट" वाचलं की गेल्या बॅचमधल्या तीन मुलांची नावं मागा आणि त्यांच्याशी संस्थेबाहेर बोला. शिकवणारा सध्या कामावर आहे का ते विचारा. लॅब संध्याकाळी सरावाला मोकळी असते का तेही. फी हप्त्यांत भरा. एकरकमी सवलतीच्या नादात शिक्षक सोडून गेलेल्या कोर्समध्ये अडकलेली मुलं मी पाहिली आहेत.

पायरी ६: काम मागायला जाणं

व्हीएफएक्सला शोरील, म्हणजे केलेल्या कामाचा छोटा व्हिडिओ, लागते. दीड मिनिट, सर्वात चांगला शॉट पहिला, प्रत्येक शॉटचं आधी-नंतर, आणि त्यात तुम्ही नेमकं काय केलंत ते कोपऱ्यात लिहिलेलं. दुसऱ्याचं काम आपलं म्हणून टाकू नका, या शहरात सुपरवायझर एकमेकांना ओळखतात. संगीत कमी ठेवा, बरेच जण आवाज बंद करूनच बघतात.

एडिटिंगला शोरीलपेक्षा एक पूर्ण कापलेला सीन आणि एक शॉर्ट फिल्म उपयोगी. तालात कापलेले झटके पाहून कुणालाच कळत नाही की तुम्हाला संवाद कापता येतो की नाही.

जागा: अंधेरी पश्चिम, वीरा देसाई रोड, ओशिवरा, वर्सोव्याचं आराम नगर, गोरेगाव, मालाड. मराठी मालिकांची शूटिंग ठाण्याच्या घोडबंदर रोडलाही चालतात. खोली शोधताना भाड्याबरोबर परतीचा प्रवास मोजा. शेवटची लोकल चुकली तर पहाटेच्या पहिल्या गाडीपर्यंत एडिट रूमच्या सोफ्यावर झोपावं लागतं. आठवड्यातून तीनदा हे होणार असेल तर डोंबिवलीतली स्वस्त खोली महाग पडते.

एडिटरला मेसेज करताना "सर, काही काम असेल तर सांगा" लिहू नका. मी तसे मेसेज उघडून विसरतो. "मी कल्याणला राहते, अविड आणि रिझॉल्व्ह येतं, सिंक आणि प्रॉक्सीची सवय आहे, मराठी टायपिंग येतं, रात्रीची शिफ्ट चालेल", हा मेसेज मी जपून ठेवतो आणि दोन महिन्यांनी त्यातल्याच नंबरवर फोन करतो. सुरुवातीला दैनंदिन मालिका करा. कमीपणा वाटायचं काही कारण नाही. रोज साधारण बावीस मिनिटांचा एपिसोड जायचाच असतो, त्या रेट्यात हात जितका चालतो तितका कुठल्याही वर्गात चालत नाही. पण दोन वर्षांत तिथून उठा. तालाची सवय लागली की प्रत्येक वाक्यावर तीन चेहरे दिसू लागतात.

एडिटर म्हणून बस्तान बसू लागलं की असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्सचं सभासदत्व घ्या. ती फेडरेशन ऑफ वेस्टर्न इंडिया सिने एम्प्लॉइजशी जोडलेली आहे. पैसे अडकले की तक्रार करायला जागा राहते.

काम आटण्याचीही तयारी ठेवा, व्हीएफएक्समध्ये विशेष. २०२३ मध्ये हॉलिवूडचे लेखक आणि नट संपावर गेले आणि त्यांचे शॉट्स करणाऱ्या इथल्या मुलांच्या हातातलं काम कमी झालं. फेब्रुवारी २०२५ मध्ये टेक्निकलर ही मोठी व्हीएफएक्स कंपनी कोसळली तेव्हा भारतातली कार्यालयंही बंद झाली. सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला नसेल तर नवा कॅमेरा घेऊ नका.

पायरी ७: पैसे

एपिसोडवर, दिवसावर, शॉटवर की एकरकमी, हे आधी ईमेलवर ठरवा. एकरकमी असेल तर किती फेऱ्यांचे बदल त्यात धरले आहेत तेही लिहा. नाही लिहिलं तर बदल संपत नाहीत. अॅडव्हान्स घेतल्याशिवाय सुरुवात नको, आणि नावाचं क्रेडिट पडद्यावर कसं येणार, ते त्याच ईमेलमध्ये मागा.

फ्रीलान्सर म्हणून बिल दिलंत की व्यावसायिक फीवर साधारण १० टक्के टीडीएस कापला जातो. उत्पन्न करपात्र नसेल तरी रिटर्न भरा, ते पैसे परत येतात. जीएसटीची नोंदणी वर्षाची उलाढाल २० लाखांवर गेली की लागते. उद्यम नोंदणी (छोट्या व्यवसायाची सरकारी नोंद) मात्र पहिल्याच वर्षी करा, सरकारी संकेतस्थळावर ती फुकट होते, पैसे मागणाऱ्या एजंटकडे जाऊ नका. २००६ च्या एमएसएमई कायद्याप्रमाणे नोंदणी असलेल्या सूक्ष्म व्यवसायाचं पेमेंट लेखी करार असला तरी ४५ दिवसांच्या आत द्यावं लागतं, उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट चक्रवाढ व्याज लागतं. बिलाच्या तळाशी उद्यम क्रमांक छापलेला असला की अकाउंट्सवाल्यांच्या बोलण्यातला सूर बदलतो, हा माझा अनुभव.

काम संपल्यावर डिस्क परत करताना चलन करा. डिस्कचा सीरियल नंबर, त्यात काय आहे त्याची यादी, तारीख, घेणाऱ्याची सही. एक प्रत त्यांच्याकडे, एक तुमच्याकडे. वर्षभराने कुणीतरी फोन करून "ते रशेस तुमच्याकडेच होते ना?" विचारतोच, तेव्हा त्या कागदाचा फोटो पाठवायचा.